चांगदेवांचं कोरं पत्र: संतकथा मुलांसाठी लिहिताना

चांगदेव वाघावर बसून, हातात सापाचा आसूड घेऊन येतात आणि ज्ञानदेव भावंडांसह भिंत चालवत त्यांना सामोरे जातात, एवढी गोष्ट महाराष्ट्रात जवळपास सगळ्यांना येते. म्हणूनच ती नऊ ते बारा वर्षांच्या मुलांसाठी लिहायला अवघड आहे. माहीत असलेली गोष्ट माणूस आठवणीतून लिहितो, आणि आठवणीत पाठ्यपुस्तकातला धडा, कॅलेंडरवरचं चित्र, ऐकलेलं कीर्तन असं सगळं एकमेकांत कालवलेलं असतं. मध्ययुगीन संतकथा मुलांसाठी लिहिण्याचं काम आम्ही कसं करतो, ते या एकाच गोष्टीच्या आधाराने इथे लिहीत आहोत. बाकीच्या कथा लागतील तिथे येतील.

पहिलं काम म्हणजे थर वेगळे करणं. ज्ञानदेवांची समाधी १२९६ सालची. त्यांच्याबद्दलचं जुनं कथन नामदेवांच्या नावावरच्या ‘आदि’, ‘तीर्थावळी’ आणि ‘समाधी’ या अभंगप्रकरणांत आहे. त्यातही सावध राहावं लागतं, कारण नामदेवांच्या गाथ्यात नंतरच्या विष्णुदास नाम्याचे अभंग मिसळलेले आहेत. आपल्यापर्यंत आलेली घडीव, प्रसंगांनी भरलेली गोष्ट बरीचशी महिपतींची. ताहराबादच्या महिपतींनी ‘भक्तविजय’ हा संतचरित्रांचा ग्रंथ शके १६८४ मध्ये, म्हणजे १७६२ साली पुरा केला. समाधीला तेव्हा साडेचारशेहून जास्त वर्षं लोटली होती. महिपती हे लपवत नाहीत. नाभाजी आणि उद्धवचिद्घन या आधीच्या संतचरित्रकारांचा आधार घेतल्याचं ते सांगतात. त्यांच्यानंतर कीर्तनकारांनी आणखी रंग भरले: कुणाच्या सांगण्यात भावंडं सकाळच्या उन्हात भिंतीवर बसलेली असतात, कुणाच्या सांगण्यात दात घासत असतात.

या कामासाठी आडवी वही घ्यावी आणि चार रकाने पाडावेत: प्रसंग, कुठल्या ग्रंथात, कोण बोलतं, नेमके शब्द. ही वही भरल्याशिवाय कथेचं पहिलं वाक्य लिहू नये. कंटाळवाणं काम आहे, पण त्याने दोन अपघात टळतात. एक, वेगवेगळ्या आवृत्त्यांचे तुकडे जोडून परस्परविरोधी गोष्ट तयार होत नाही. पैठणला रेड्यामुखी वेद बोलवल्याचं ऐकून चांगदेवांना पत्र लिहावंसं वाटतं. रेड्याचा प्रसंग कुणी नंतर घातला की पत्राला कारणच उरत नाही. दुसरा अपघात कॉपीराइटचा. ओव्या आणि अभंग सगळ्यांचे आहेत. त्यांची आधुनिक गद्य रूपांतरं मात्र लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं त्याच्या वारसांच्या हक्कात राहतात. मूळ ओवी न वाचता जुन्या बालपुस्तकावरून लिहिणाऱ्याच्या हातून त्या पुस्तकातला एखादा रचलेला संवाद ‘पारंपरिक’ समजून उचलला जातो. चौथ्या रकान्यात नेमके शब्द लिहिलेले असले की कुठला संवाद ग्रंथातला आणि कुठला गेल्या शतकातल्या कुणाचा, ते लगेच दिसतं.

वही भरली की गोष्टीचा खिळा शोधायचा. खिळा म्हणजे ज्या एका प्रसंगावर बाकी सगळं टांगलेलं आहे तो. या गोष्टीत बहुतेक लेखकांना तो भिंत वाटते, आम्हाला पत्र वाटतं. चौदाशे वर्षांचा योगी पत्र लिहायला बसतो आणि मायन्यावरच अडतो. मुलं वयाने लहान, म्हणून ‘चिरंजीव’ लिहावं, तर ज्ञानाने मोठी. ‘तीर्थरूप’ लिहावं, तर चौदाशे वर्षांच्या माणसाने पोरांना तीर्थरूप कसं म्हणायचं? शेवटी तो कोरंच पत्र पाठवतो. पत्राचे मायने आजच्या मुलांना माहीत नसतात, पण हा पेच त्यांना समजवावा लागत नाही. ‘अरे’ म्हणायचं की ‘अहो’, यावर ती रोज कुठे ना कुठे अडतात. वाघ, साप आणि भिंत हा त्याच पेचाचा पुढचा भाग आहे: पत्रात जे ठरलं नाही ते चांगदेव थाटामाटात ठरवायला निघतात. असं बघितलं की काय ठेवायचं आणि काय गाळायचं, हे बरंचसं आपोआप ठरतं.

लांबीचं गणित ठरलेलं असावं. स्वतः वाचणाऱ्या चौथी-पाचवीच्या मुलाला एका बैठकीत १,२०० ते १,५०० शब्द पेलतात. मोठ्याने वाचले तर दहा ते चौदा मिनिटं. ३२ पानांच्या चित्रपुस्तकात मात्र ८०० ते ९०० शब्दांच्या वर गेलं की चित्रांना जागा उरत नाही. पहिला खर्डा हमखास अडीच हजारांवर जातो, कारण लेखक विठ्ठलपंतांच्या संन्यासापासून सुरुवात करतो. त्याला इलाज म्हणजे खिळ्याच्या शक्य तितकं जवळून सुरू करणं. नेहमीची सुरुवात अशी असते:

‘फार फार वर्षांपूर्वी तापी नदीच्या काठी चांगदेव नावाचे एक महान योगी राहत होते. त्यांना आपल्या सामर्थ्याचा फार गर्व होता.’

दुसऱ्या वाक्यात गोष्ट संपली. गर्व आहे म्हणजे तो उतरणार, हे नऊ वर्षांच्या मुलालाही कळतं. त्याऐवजी:

‘चांगदेव चौदाशे वर्षांचे होते. दर शंभर वर्षांनी मृत्यू त्यांच्या दाराशी यायचा. चांगदेव श्वास कोंडून बसायचे. मृत्यू वाट बघायचा, कंटाळायचा आणि परत जायचा. असं चौदा वेळा झालं.’

इथे गर्व हा शब्द नाही, फक्त परंपरेतलाच तपशील आहे आणि शंभराने भागलेला आकडा. वाक्यं चार ते सात शब्दांची आहेत. या वयासाठी सरासरी आठ-नऊ शब्दांचं वाक्य बरं, पण सगळीच वाक्यं तेवढी ठेवली तर वाचन ठेचकाळतं. दर चार-पाच वाक्यांमागे एक लांब, श्वास पुरवून वाचायचं वाक्य हवंच.

ओवीवरून गद्य करताना आणखी एक खोड लागते. महिपतींची लय कानात बसते आणि ‘ऐसे वदोनी’, ‘तत्काळ निघाले’, ‘हर्षे नाचू लागले’ असं काहीतरी कागदावर उतरतं. ते ना जुनं ना नवं. खर्डा मोठ्याने वाचून जिथे वाक्य गावंसं वाटेल तिथे खूण करायची आणि ते मोडायचं. जुना शब्द वस्तूचा असेल तर मात्र ठेवायचा. आसूड, खापर, ताटी, थापटणं हे शब्द मुलांना चित्रातून आणि संदर्भातून कळतात.

कोरं पत्र आळंदीला पोचतं तेव्हा मुक्ताई म्हणते, चौदाशे वर्षं जगले आणि कोरेच राहिले. हे वाक्य एकटं, स्वतंत्र परिच्छेदात ठेवायचं आणि त्याच्या मागेपुढे काही लिहायचं नाही. ‘मुक्ताई खट्याळपणे हसली आणि म्हणाली’ असं लिहिलं की वाक्याचा निम्मा जोर त्या हसण्यातच संपतो. मुलं इथे हसली तर ठीक. नाही हसली तर आधीच्या पानावर मायन्याचा पेच नीट उभा राहिलेला नाही. म्हणजे डागडुजी त्या पानावर करायची, या वाक्यावर नव्हे.

निवृत्तिनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानदेव उत्तर लिहितात, तीच ६५ ओव्यांची ‘चांगदेव पासष्टी’. मुलांच्या काही आवृत्त्यांत ती चक्क गाळलेली दिसते किंवा ‘ज्ञानदेवांनी सुंदर उपदेश केला’ एवढ्यावर भागवलेलं असतं. दोन्ही चूक. मुलाला पत्रात काय लिहिलं होतं हे हवं असतं. पासष्टी अद्वैताची आहे, पण तिच्यातले दृष्टान्त घरातलेच आहेत. ‘सोनें सोनेपणा उणें । न येतांचि झालें लेणें’ हा एकच उचलावा: सोन्याचा दागिना झाला म्हणून सोनं कमी झालं नाही. त्याला चार वाक्यं द्यावीत आणि थांबावं. चांगदेवांनाही पत्र पुरतं उमगलं नाही, असंच परंपरा सांगते. तेव्हा वाचणाऱ्या मुलालाही ते सगळं कळलं नाही तर काही बिघडत नाही. गोष्टीच्या दृष्टीने ते सोयीचंच आहे.

आता भिंत. इथे लेखक दोन टोकांना जातात. काहीजण कंसात किंवा तळटीपेत खुलासा देतात: भिंत म्हणजे जड अहंकार वगैरे. काहीजण चमत्काराची लाज वाटून ‘असं म्हणतात की’ दर दोन वाक्यांना पेरतात. आमची रीत अशी की कथेच्या आत भिंत चालते, जशी सांगणाऱ्यांनी चालवली तशी, आणि इतिहास काय तो पुस्तकाच्या शेवटच्या पानावर. ‘म्हणतात’ हा शब्द एकदाच, हवा तर अगदी सुरुवातीला. भिंत चालण्याचं वर्णनही वस्तूसारखं करावं: आधी माती भुरभुरली, मग पायाशी उगवलेलं गवत तुटलं, मग चौघांचे लोंबकळते पाय वाऱ्याने मागे गेले. वाघावर बसणारा आणि भिंत चालवणारा अशी जोडी महाराष्ट्रापुरती नाही, हेही लिहिणाऱ्याला ठाऊक असावं. तुर्कस्तानात हाजी बेक्ताश वेली यांच्याबद्दल अशीच कथा सांगतात. तिथे समोरचा सत्पुरुष सिंहावर बसून सापाचा आसूड घेऊन येतो आणि हाजी बेक्ताश खडकावर बसून त्याला सामोरे जातात. बारा वर्षांच्या पुढच्या वाचकांसाठी हा मजकूर शेवटच्या पानावर देता येतो. त्याने ज्ञानदेवांना काही कमीपणा येत नाही. सजीवाला हाकणारा आणि निर्जीवाला हलवणारा, यांतलं मोठं कोण, हा प्रश्न किती लोकांना पडला होता एवढंच त्यातून दिसतं.

भावंडांच्या वयाला इथे फार महत्त्व आहे. रूढ सनावळीप्रमाणे निवृत्तिनाथ १२७३, ज्ञानदेव १२७५, सोपान १२७७ आणि मुक्ताई १२७९ मधले. ‘ज्ञानेश्वरी’ १२९० ची. म्हणजे भिंतीवर बसलेली चौघंही विशीच्या आतबाहेरची आणि मुक्ताई तर शाळकरी वयाची. चित्रकाराला हे लिहून दिलं नाही तर तो कॅलेंडरवरचे धीरगंभीर, पूर्ण वाढलेले ज्ञानेश्वर काढतो. मग ‘चिरंजीव’ लिहावं की ‘तीर्थरूप’ हा पेच चित्रातच खोटा ठरतो आणि गोष्ट कोसळते.

चित्रकाराला द्यायच्या टिपणात आणखी काय काय असावं, तर: स्वयंपाकघरात मिरच्या, बटाटे, टोमॅटो, मक्याची कणसं नकोत. हे सगळं अमेरिकेतून पोर्तुगिजांच्या मार्फत नंतर आलं, तेराव्या शतकात तिखट म्हणजे मिरी. पेशवाई पगडी आणि नक्षीदार लाकडी खांबांचा वाडा नको. आळंदीचं आजचं समाधिमंदिर नको, ते नंतरचं. सिद्धेश्वराचं देऊळ चालेल. वाघ पट्ट्यांचाच, आयाळवाला नव्हे. पत्राला लखोटा नको, गुंडाळी किंवा घडी. वाघ आणि भिंत समोरासमोर येण्याचं चित्र दोन पानांवर पसरतं, तेव्हा कुणाचाही चेहरा मधल्या शिवणीत येऊ देऊ नये. दोन्ही बाजूंना किमान एक सेंटिमीटर मोकळं ठेवावं. हे टिपण तोंडी देऊन चालत नाही, कारण चित्रांचं काम महिनोन्महिने चालतं आणि तोंडी सांगितलेलं पहिल्या दोन चित्रांनंतर विसरलं जातं.

आदरार्थी रूपांचा प्रश्न खर्डा दाखवायला नेला की पहिल्यांदा निघतो. ‘ज्ञानदेव म्हणाला’ लिहिलं तर वारकऱ्याला टोचतं, ‘म्हणाले’ लिहिलं तर मुलांना तो मुलगा वाटत नाही, असं संपादकांचं म्हणणं. निकाल मुक्ताईनेच दिलेला आहे. तिच्या नावावरच्या अभंगांत रुसून ताटी लावून बसलेल्या भावाला ती ‘ताटी उघडा ज्ञानेश्वरा’ म्हणते. धाकटी बहीण ‘उघडा’ म्हणते, तर निवेदकाने ‘म्हणाला’ म्हणायचं कारण नाही. निवेदनात ‘म्हणाले’, मुक्ताईबद्दल ‘ती’, आणि तिच्या तोंडी ‘दादा, तुम्ही’. जवळीक क्रियापदाच्या रूपाने नव्हे, ती काय बोलते त्याने येते. खर्डा त्या परंपरेत वाढलेल्या एका तरी जाणत्या माणसाला वाचून दाखवावाच. तपशिलाच्या चुका ते पकडतात. त्यांचा प्रत्येक आक्षेप मान्य करावा असं नाही, पण ऐकून न घेता पुढे गेलं तर छापल्यावर ऐकावं लागतं.

या कथांमधला खरा कठीण भाग चमत्काराचा नाही, छळाचा आहे. ‘संन्याशाची पोरं’ म्हणून या भावंडांना वाळीत टाकलं गेलं. आई-वडिलांना देहान्त प्रायश्चित्त सांगितलं गेलं आणि त्यांनी ते घेतलं. आठ वर्षांच्या आतल्या मुलांसाठी ‘आई-बाबा गेले ते परत आले नाहीत’ एवढं पुरे. दहाच्या पुढे सरळ सांगावं, कुणी सांगितलं आणि का, हेही. ‘समाजाने त्यांना स्वीकारलं नाही’ असं गुळमुळीत वाक्य लिहू नये. समाज म्हणजे कोण, असं मुलं विचारतात आणि पुस्तकात उत्तर नसतं. मांड्यांची गोष्ट यासाठी उपयोगी पडते. मांडे पालथ्या खापरावर भाजतात. भावंडांना छळणारे विसोबा गावातल्या कुंभारांना मुक्ताईला खापर देऊ देत नाहीत, म्हणून ती ज्ञानदेवांच्या तापलेल्या पाठीवर मांडे भाजते. मडकंही मिळू न देणं म्हणजे वाळीत टाकणं, हे त्यातून न बोलता कळतं. आधी मांडा काय असतो ते दोन वाक्यांत आलं पाहिजे, नाहीतर शहरातली मुलं पोळीच डोळ्यांसमोर आणतात आणि तव्यावर का नाही भाजली, असं विचारतात.

गोरोबा कुंभारांच्या कथांत निवड करावी लागते. भजनात रंगून स्वतःचं मूल चिखलात तुडवलं जाण्याचा प्रसंग बाराच्या आतल्यांना देऊ नये. शेवटी मूल जिवंत होतं, पण लहान मुलाच्या मनात तुडवणंच राहतं. त्याऐवजी थापटण्याची गोष्ट घ्यावी, जिच्यात गोरोबाकाका मडकी तपासावीत तशी संतांची डोकी थोपटतात आणि चिडलेले नामदेव कच्चं मडकं ठरतात. हसायला येतं, आणि पुढे नामदेव विसोबा खेचरांकडे औंढ्या नागनाथाला जातात त्याची वाटही तयार होते.

महानुभाव पंथाच्या लीळाचरित्रातल्या गोष्टींना मात्र वेगळा हात लागतो. म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या आठवणी १२७८ च्या सुमारास ऋद्धिपुरात गोळा केल्या, म्हणजे माणसं अजून जिवंत असताना. त्यामुळे तिथे गोष्ट मुळातच दहा-बारा ओळींची आणि बोलती आहे. पारध्यांच्या कुत्र्यांपुढून पळणारा ससा स्वामींच्या मांडीखाली शिरतो, पारधी मागतात, स्वामी शरण आलेल्याला देत नाहीत. इथे वाढवण्याचा मोह आवरायचा. जंगलाचं वर्णन, सशाच्या मनातलं बोलणं, पारध्याचा पश्चात्ताप, सगळं बाहेर ठेवायचं. महिपतींना कापावं लागतं. म्हाइंभटांच्या बाबतीत फक्त भाषा आजची करायची आणि हात काढून घ्यायचा.

वाचून बघण्याची पद्धत साधी आहे. वर्गात एकाने वाचावं, दुसऱ्याने मागे बसून प्रतीवर खुणा कराव्यात: चुळबूळ कुठे सुरू झाली, हसू कुठे आलं, कुणी कुठे मध्येच विचारलं. गोष्ट संपल्यावर ‘काय शिकलात?’ असं विचारू नये. विचारलं की मुलं शाळेतलं उत्तर देतात, ‘गर्व करू नये’, आणि त्यातून लेखकाला काहीच कळत नाही. त्याऐवजी दुसऱ्या दिवशी एखाद्याला गोष्ट परत सांगायला लावावी. तो जे गाळेल ते बहुधा जास्तीचं असतं. वाघाला काय खायला दिलं, हा प्रश्न हमखास येतो. उत्तर पुस्तकात नको, पण चित्रात वाघ कुठेतरी बसलेला दिसला तर मुलांचं समाधान होतं.

मांडणीत मजकूर १६ पॉइंट आणि ओळींचं अंतर २४ पॉइंट असावं. देवनागरीत वर मात्रा-रफार आणि खाली उकार असल्याने इंग्रजीचं माप इथे चालत नाही. फॉन्टमध्ये देठाचा श आणि पाकळीचा ल आहे ना ते बघावं. २००९ च्या शासननिर्णयापासून पाठ्यपुस्तकांची मुलं त्याच वळणाला सरावलेली आहेत. काही फॉन्टांत ती रूपं असतात, पण मजकुराची भाषा मराठी निवडेपर्यंत दिसत नाहीत. आणि ऱ्य तपासायचा. ‘कोऱ्या पत्राकडे’ हे शब्द फाइल एका संगणकावरून दुसऱ्यावर गेली की ‘कोर्या’ होऊन बसतात, तेही नेमके ठळक अक्षरातल्या शीर्षकात. हे मुद्रितशोधन पडद्यावर न करता छापील प्रुफावर करावं. ज्ञानदेव, ज्ञानेश्वर, मुक्ताई, मुक्ताबाई यांपैकी कुठलं रूप कुठे, याची चिठ्ठी प्रुफाला टाचलेली असावी. संवादात एक आणि निवेदनात दुसरं चालतं, पण एकाच पानावर सरमिसळ नको.

शेवटचं पान मोठ्यांसाठी असतं आणि तिथे सगळ्यात लहान टंक वापरला तरी चालतो. तिथे चार गोष्टी द्याव्यात: कथा कुठल्या ग्रंथातून घेतली; तो ग्रंथ प्रसंगानंतर किती वर्षांनी लिहिला गेला; त्या वेळी देवगिरीवर रामदेवराय यादवांचं राज्य होतं आणि ज्ञानदेवांच्या समाधीच्याच वर्षी, १२९६ मध्ये, अल्लाउद्दीन खलजीची स्वारी झाली; आणि आपण काय बदललं. चौथी गोष्ट प्रकाशक बहुतेक वेळा कापायला सांगतात. कापू देऊ नये. ‘चौदा वेळा’ हा आकडा आम्ही चौदाशे वर्षांवरून काढला, ग्रंथातून उचललेला नाही, असं त्या पानावर लिहिलेलं असतं.